कंगव्याचे शेवटचे दोन दात

सोलापूर, ता. ९ डिसेंबर १९७९

चि. वीरभद्रास अज्जीचा आशीर्वाद. हितं सगळं बरं हाय. तू मुंबईला जेवतोस का नुस्ते कागद खातोस?

तुझा नवा कागद पोचला. दोनदा मी वाचला, तिसऱ्यांदा शेजारच्या मास्तरकडनं ऐकला. आधी तुझं काँप्युटर नुस्तं प्लास्टिक साच्यात कसं पळतं तेवढंच सांगायचं. आता आत कोंडलेली हवाबी हिशेबात धरतं, म्हनतोस. दांडा ओढून वितळलेलं प्लास्टिक साच्यात दाबायच्या आपल्या हातमशीनवर कंगव्याचे शेवटचे दोन दात अर्धे न् काळे येतात, ते त्या हवेनं. तिला जायला वाट न्हाय, तितंच दबून तापती न् दात जाळती. पटलं. भीमाशंकर फिटरनं तू लिवलंस तशी हवा जायला केसाएवढी चीर साच्याला पाडली. काल सगळे दात पुरे आले. माझ्या तोंडात एवढे न्हाईत.

पन मागच्या कागदात तू लिवलं हुतंस, दांडा जोरानं ओढा, दात भरतील. आमी ओढला. आमी म्हंजे गिरिजानं. तुझी बायको कशी हाय, हे तू विचारलं न्हाईस, म्हनून मीबी लिवलं न्हाय.

बरी हाय. हाताला जरा लागलंय.

जरा न्हाय. साच्याच्या फटीतनं वितळलेलं प्लास्टिक उडालं न् मनगटाला चिकटलं. सोलून काढावं लागलं. ती वरडली तवा मी आधी साचा उघडला. दात आलेत का बघितलं. मग तिचा हात बघितला. हे अजून कुनाला सांगितलं न्हाय.

दिवाळीपासनं तीनदा म्हनाली, "अज्जी, चार दिस वैरागला आईकडं जाऊ द्या की." तिन्ही बारी मी म्हनलं, "मशीन काय तुझा बाप ओढनार व्हय?" तिचा बाप मेलेला हाय. मला ठावं हुतं.

सोमवारी मीच तिला वैरागच्या यष्टीत बसवलं. परत कदी येनार ते तिनं सांगितलं न्हाय, मी विचारलं न्हाय. आता दांडा मी ओढते. खोलीला एकच दार, तेबी धूळ येती म्हनून लावून घेते. दिसाला साठ कंगवे हुतात. म्हातारीला कुटं जायचंय?

काँप्युटरच्या हिशेबात आनि एक रकाना वाढव: दांडा कोन ओढतंय.

मला उत्तर नको. तिला लिव, पत्ता मागं हाय. त्यात कंगव्याचं एक अक्षर लिवलंस तर बघ.

दारामागं बसलेली
तुझी अज्जी, गुरम्मा