'डाऊन' या शब्दाचं चौथं उदाहरण

रत्नागिरी,
२१ सप्टेंबर २०२५

ती. सौ. नम्रताताईस,
सा. न.

पत्राला फार उशीर झाला, माफ कर. (मोजलं तर बावीस वर्षं, तुझं लग्न झालं त्या पावसाळ्यात शेवटचं लिहिलं होतं.) पण तू माझा फोन उचलत नाहीस, घरच्या ग्रुपमधूनही मला काढून टाकलंस, तेव्हा पोस्टाशिवाय मार्ग उरला नाही. भावोजींची शुगर कशी आहे? तुझा गुडघा? आई बरी आहे. मीही ठणठणीत आहे, फक्त डोकं पंचवीस दिवस तापलेलं आहे.

झालेला प्रकार तू सर्वेशकडून ऐकलास, म्हणून मला पहिल्यापासून सांगणं भाग आहे. वाडीच्या गणपतीच्या स्मरणिकेचा संपादक तो. आपल्या बोलण्यात रुळलेल्या एखाद्या इंग्रजी शब्दावर हलकंफुलकं काहीतरी दे, असं म्हणून महिनाभर माझ्या मागे लागला होता. मी 'डाऊन' घेतला. वाटलं, 'खाली' लिहिलं की झालं. कोश उघडला तर पानभर अर्थ: कमी, उदास, बंद पडलेलं, आणि हद्द म्हणजे बदकाची मऊ पिसं! त्यात हल्लीच्या पोरांचं 'मी डाऊन आहे' म्हणजे चक्क 'मी तयार आहे'. (उदास माणसाला आणि तयार माणसाला एकच शब्द? ही काय भाषा झाली?) रेल्वेचं तर विचारूच नकोस. मुंबईहून आपल्याकडे येणारी गाडी डाऊन आणि इथून तिकडे जाणारी अप. म्हणजे आपण जन्मभर खालीच. असो.

कोशात प्रत्येक अर्थाला एक वाक्य असतं. मनाने रचलेलं वाक्य देणं मला खोटेपणाचं वाटलं (हसू नकोस), म्हणून मी माझ्या डायरीतली खरी वाक्यं दिली, नावांच्या जागी आद्याक्षरं घालून. सर्वेशने 'वाचकांच्या सोयीसाठी' आद्याक्षरं काढून सगळी नावं घातली! पहिलं वाक्य बँकेच्या सर्व्हरचं, ते निभावलं. दुसरं होतं, 'गंगारामकाकांचा आवाज यंदा डाऊन आहे.' काका आमच्या भजनाचे बुवा. सकाळीच दारात उभे. "काय गो बाय, चाळीस वर्सां भजन बोलतंय, आनि तुला आताच माजा आवाज बसलेला दिसला?" त्या दिवशीच्या आरतीला त्यांनी इतकी वरची पट्टी लावली की टाळवाले बघतच राहिले. तिसऱ्या वाक्यावरून शेजारचा दीपक रुसला, ते सोडून देते.

चौथं वाक्य तुला पाठ आहे. 'पाहुणे बघून गेल्यापासून सानवी डाऊन आहे.' आणि समोरच्या पानावर त्याच पाहुण्यांच्या गुहागरच्या सुपारीच्या वखारीची जाहिरात! त्यांना पाच प्रती पोचल्या, गुळगुळीत कागदावरच्या. निरोप आला, मुलीची तब्येत सुधारली की साखरपुड्याचं बघू.

सर्वेशचा राग येतोच. गुहागरवाल्यांचा त्याहून जास्त येतो, त्यांनी डॉक्टर कोण ते विचारलं, मुलीला काय वाटतं ते नाही. तुझाही येतो. "चार दिवस भाची ठेवून घेतलीस ती एवढ्यासाठी?" हे तू फोनवर बोललीस ते मला लागलं. पण रोज डायरी उघडली की राग फिरून माझ्याकडेच येतो. पाहुणे माझ्याच घरी आले होते. ते गेल्यावर सानवी दोन घास खाऊन उठली आणि म्हणाली, "मावशी, मी जाम डाऊन आहे गं." त्यावर मी काय केलं? तारीख घालून वाक्य उतरवून घेतलं. लेखाला उदाहरण मिळालं म्हणून मला आनंद झाला, ताई. का, काय झालं, एवढंही मी तिला विचारलं नाही.

तू म्हणशील तर गुहागरला कळवते की ती छपाईची चूक होती.

तुझी,
योगिनी

ता. क. वरचं वाचून पाहिलं. गुहागरला मी तसं कळवणार नाही. छपाईची चूक नव्हती. वाक्य खरं आहे.

ता. क. २. साखरपुड्याची पुढची तारीख काढायच्या आधी सानवीला एकटीला घेऊन बस आणि तिला हे लग्न हवं आहे का ते विचार. भावोजींच्या समोर नको. एवढंच सांगायचं होतं. शुगर आणि गुडघा यांची चौकशीही खरीच आहे, पण पत्र त्यासाठी नाही.

ता. क. ३. पत्रात माफी मागितली ती तुझी, तीही उशिराची. वाक्य सानवीचं होतं, आणि ते छापू का, असं तिला मीही विचारलं नव्हतं.

डायरीत आत्ताच लिहिलं: उद्या सानवीला फोन करणे.