सभामंडपातल्या दगडावरचा श्लोक

ती. दाजींना भाईंदर पूर्वेहून धाकट्या मेव्हणीचा वाकून नमस्कार. (कंबर धरल्यामुळे तो निम्म्यातच थांबलाय, बाकीचा मनाने घ्यावा.) गुडघे काय म्हणतात? तेल नियमाने लावता ना? फोनवर हे सगळं बोलायचा धीर होईना. शिवाय फोनवर आपण बोलता आणि मी ऐकते. म्हणून उद्या गावी निघालेल्या शालूवहिनींबरोबर हे पत्र धाडतेय.

परवा आशाताईने सांगितलं, की आपण त्या गाजलेल्या हिंदी भयपटातला श्लोक गावच्या गणपतीच्या सभामंडपात संगमरवरावर कोरून लावणार आहात. "मोदक आला म्हणजे गणपतीचाच," असं समितीला ठणकावलंतही म्हणे. तेव्हापासून मी वरणात दोनदा मीठ घालतेय. दाजी, तो श्लोक माझा आहे.

झालं असं. आमच्या मजल्यावरचा चंदन सिनेमातल्या राक्षसांना हातपाय चिकटवतो. डोंगरीला त्याच भयपटाचा सेट लागला होता. गोष्ट अशी, की एक असुर समुद्रमंथनाला उशिरा पोचतो. अमृत संपलेलं, विषही संपलेलं, त्यामुळे तो युगानुयुगं उपाशी. (पुराणात शोधू नका, मी शोधून बसलेय.) त्याला जागं करायला मंत्र हवा होता. चंदन दारात उभं राहून म्हणाला, "आंटी, ऐसा कुछ लिखो कि पब्लिक का गला सूख जाए." तीस वर्षं संस्कृत शिकवतेय, पण खरा मंत्र द्यायला घाबरले. उच्चार बरोबर लागून खरंच कोणी आलं असतं, तर सोसायटीच्या वहीत पाहुण्याचं नाव काय लिहायचं? मग स्वतःच रचला:

अलमित्येव यो ब्रूते दश खादति मोदकान् ।
सुप्तो गर्जति घोरं च तस्मै नित्यं नमो नमः ॥

म्हणजे, जो 'पुरे, पुरे' म्हणत दहा मोदक खातो आणि झोपल्यावर भयंकर गर्जतो, त्याला रोज नमस्कार. पडद्यावर अंधारात ढोलाबरोबर हे सुरू झालं, तेव्हा शेजारच्या हंसाबेनने माझा दंड इतका आवळला, की वळ उठला. समीक्षकांना त्यात माणसाची आदिम भूक दिसली. मला मात्र श्लोकाचं वृत्त सांभाळल्याचं समाधान होतं.

पण देवळात नको हो, दाजी. उद्घाटनाला पाठशाळेचे महिपतशास्त्री येणार आहेत आणि त्यांना दिसेल ते मोठ्याने वाचून अर्थ सांगायची सवय आहे. पाथरवटाला थांबवा. गणपतीचा खरा श्लोक मी विनामूल्य आणि निर्धोक लिहून देते.

आपली,
संचिता

ता. क. शास्त्रीबुवांकडून कळण्यापेक्षा माझ्याकडून कळलेलं बरं. श्लोकातला असुर मला कल्पनेतून सुचला नव्हता. गेल्या भाद्रपदात आमच्याकडे जेवून आपण दिवाणावर आडवे झालात, तेव्हा समोर बसून लिहिला. 'नमो नमः' मात्र मनापासून आहे.

आणखी एक ता. क. पाकीट चिकटवणार तोच ताईने फोटो पाठवला. दगड कालच बसला म्हणे. फार सुबक आहे. आता तो काढू नका, फक्त शास्त्रीबुवांना त्या भिंतीकडे पाठ करून बसवा. श्लोकाखाली जाड अक्षरांत एकट्या आपलंच नाव आहे. एकदा अर्थ लागला, की ते देणगीदाराचं आहे हे त्यांना पटायचं नाही.