तुझ्या बदली

प्रिय पाद्रीणबाई,

या नावानं आता तुला कोणी हाक मारत नसेल. लेकीच्या घरी तू आई असशील, आजी असशील, नाहीतर 'वरच्या मजल्यावरच्या त्या बाई'. मला मात्र दुसरं नाव लिहवेना. तू फोन उचलत नाहीस, त्याबद्दल माझी तक्रार नाही. फोन उचलला की काहीतरी बोलावंच लागतं. पत्राचं बरं असतं, ते नुसतं टेबलावर पडून राहिलं तरी त्याला राग येत नाही.

आधी इकडची खबरबात. आपल्या कवळ्यांच्या लॅबमध्ये मालकानं नवीन मशीन आणलंय. ते कॉम्प्युटरवर जबडा मोजतं आणि आपलं आपण दात घडवतं. त्यामुळे मेणात एकेक दात बसवायचं काम आता क्वचितच येतं, आणि आलंच तर माझ्याकडे येतं. हिरड्या पार झिजलेली म्हातारी माणसं मशीनला जमत नाहीत म्हणे. तुझ्या खुर्चीवर प्लास्टरची पोती ठेवतात. बाकीचे सगळे कानात काहीतरी खुपसून बसलेले असतात. दिवसभरात मला हाक मारणारी माणसं दोनच, चहा आणणारी बाई आणि संध्याकाळी शटर ओढणारा. एखादवेळी मी मुद्दाम काहीतरी चुकीचं बोलून बघते, कोणी खोडून काढतं का म्हणून. कोणी काढत नाही. सगळे मान डोलावतात.

आपण पहिल्यांदा शेजारी बसलो तेव्हाचं तुला आठवतं का कोण जाणे. रविवारचं जादा काम तू घेत नव्हतीस म्हणून मालकानं तुला पाद्रीणबाई केलं होतं. मी प्रत्येक गोष्टीला 'कशावरून?' विचारते म्हणून मला शंकासुर. बाईमाणूस असुर कशी होईल, असं मी विचारलं तर म्हणाला, बघा, पुन्हा शंका. तू डबा उघडण्याआधी डोळे मिटायचीस. मला ते खुपायचं. एक दिवस मी खवचटपणे विचारलं की हे काय, जेवणाला नजर लागू नये म्हणून का? आता ही प्रवचन सुरू करणार, मग मी हिला सरळ करणार, अशी माझी सगळी तयारी होती. तू म्हणालीस, "आभार मानते गं. विसरभोळी आहे मी, म्हणून रोज मानावे लागतात." आणि जेवायला लागलीस. माझी तयारी तशीच राहिली.

मी एवढी तलवार उपसून का बसले होते, ते तुला पुढे कळलं. माझा नवरा गेला तेव्हा घरात माणसं अजून रडत होती, आणि शेजारच्या एका बाईनं मला बाजूला घेऊन विचारलं होतं, तू त्याच्यासाठी नीट प्रार्थना केली होतीस ना? मी त्या दिवशी तिच्या तोंडावर दार लावलं. तिच्या देवासाठीही लावलं, आणि उरलेल्या सगळ्यांसाठीही. हे तुला सांगितलं तेव्हा तू त्या बाईची बाजू घेतली नाहीस, देवाचीही घेतली नाहीस. हातातली मेण कापायची सुरी खाली ठेवलीस आणि माझा नवरा कसा होता ते विचारलंस. तोवर मला ते कोणी विचारलं नव्हतं. त्या दिवशी आपल्या दोघींचं काम निम्मंच झालं.

मग आपले वाद सुरू झाले. स्पिरिटच्या दिव्यावर मेण मऊ करत करत मी किती काय विचारलं तुला. लहान पोरांना असले आजार का होतात, तुमच्यातले ढोंगी इतके मजेत कसे, आणि देव सगळीकडे आहे तर रविवारी तुला चर्चला कशाला जावं लागतं. तुझी पद्धत मात्र विचित्र. आधी मला विचारायचीस, सांगू का, की आज राहू दे? मी 'राहू दे' म्हटलं की खरंच राहू द्यायचीस आणि दुसऱ्या दिवशी मीच, हं, काल काय सांगणार होतीस, म्हणून उकरून काढायची. कधी तू सरळ म्हणायचीस, हे तू बरोबर बोललीस. भांडखोर माणसाला याइतकं जाचक दुसरं काही नसतं. आणि कधी माझा प्रश्न घरी घेऊन जायचीस, रात्रभर तो मनात घोळवायचीस, सकाळी ॲप्रन अडकवता अडकवता म्हणायचीस की काल तू जे म्हणालीस ना, त्यावर मी विचार केला. माझ्या बोलण्यावर विचार करणारं माणूस मला त्याआधी भेटलंच नव्हतं, नवऱ्यासकट.

आई अंथरुणाला खिळली तेव्हा तू कामावरून परस्पर आमच्याकडे यायचीस. तिचे केस धुवायला मला जमायचं नाही. तू तिचं डोकं पलंगाच्या कडेवर घ्यायचीस, खाली घमेलं ठेवायचीस. एकदा आईनं तुला विचारलं, तुझा देव कोणता गं बाई? मी दारात उभी होते. म्हटलं, आता आली हिची संधी. तू म्हणालीस, आधी डोळे मिटा, साबण जाईल. आई कितीतरी दिवसांनी हसली. नंतर तिनंच हट्ट धरला तेव्हा तू तिला तुझ्या येशूबद्दल सांगितलंस, तेही माझ्याकडे बघून, चालेल ना, असं डोळ्यांनीच विचारून. आई गेल्यावर मी तुला म्हटलं, त्या दिवसांत तू माझ्याशी देवाबद्दल अवाक्षर बोलली नाहीस. मी इतकी मोडले होते की काहीही मान्य केलं असतं. तेव्हा तू जे म्हणालीस ते मी अजून कोणाला सांगितलेलं नाही. "दमलेल्या माणसाला पटवायचं नसतं. ते पटणं त्याचं नसतं."

त्यानंतर तुझं बायबल मी मागून नेलं. चुका काढायला नेलं, हे तुलाही माहीत होतं. मित्राच्या थडग्यापाशी येशू रडला ती गोष्ट मला सापडली आणि मी विजयी मुद्रेनं लॅबमध्ये आले. म्हटलं, घटकाभरात हा त्या मित्राला जिवंत उठवणारच होता ना, मग रडला कशाला? नाटक? तू हातातल्या कवळीतला एक दात सरळ केलास. मग म्हणालीस, "का रडला ते मला नाही सांगता येत. पण तो रडला नसता तर मी त्याच्या मागे गेले नसते." मला ते पटलं नाही. पण मी तो मुद्दा पुन्हा काढला नाही.

तुझा धाकटा मुलगा गेला तेव्हा मी आले होते. किती माणसं होती तुझ्याभोवती, आणि सगळ्यांच्या तोंडी देवाची इच्छा. देवाला चांगली माणसं लवकर हवी असतात, म्हणे. तू ऐकत होतीस, पण शेजारच्या घरातलं भांडण कानावर पडावं तसं. मी तुझा हात धरून बसले, कारण मला दुसरं काही येत नव्हतं. निघताना तू मला दारापर्यंत सोडायला आलीस आणि म्हणालीस, नीट जा. नंतर लेक तुला तिच्याकडे घेऊन गेली आणि आपलं बोलणंच थांबलं.

तुझ्या मुलीचा मध्यंतरी फोन आला होता. तिच्यावर रागावू नकोस. तिनं सांगितलं की तू चर्चला जात नाहीस. तिथले पाळक, म्हणजे पाद्री, भेटायला आले तर ते जाईपर्यंत स्वयंपाकघरात बसून राहिलीस. जेवायला बसलीस की सरळ पहिला घास उचलतेस, आणि नातवंडं प्रार्थनेला थांबली तर खिडकीबाहेर बघतेस. ती म्हणाली, मावशी, तुम्ही तिला काहीतरी सांगा. मी म्हटलं, अगं, मी काय सांगणार, मी कुठे मानते? ती म्हणाली, "म्हणूनच."

फोन ठेवला आणि मी बसून राहिले. कोणी म्हणेल, इतक्या वर्षांचा वाद शेवटी शंकासुर जिंकला. मला मात्र भीती वाटली. दोन घरांची सामाईक भिंत असते ना, पलीकडच्यांनी घर पाडलं की आपल्या खोलीत वारा शिरायला लागतो, तसं काहीसं झालं. माझं न मानणं तुझ्या मानण्याला टेकून उभं होतं, हे मला माहीतच नव्हतं. मी तुला काय पटवणार? तू आत्ता दमलेली आहेस, आणि दमलेल्या माणसाशी कसं वागायचं ते मी तुझ्याकडूनच पाहिलंय.

मग रविवारी मी तुझ्या जुन्या चर्चमध्ये जाऊन बसले. हस, हसायचं तर. तिथे किती वेळा उठबस करावी लागते हे तू मला कधी सांगितलं नाहीस. मी दर वेळी सगळ्यांच्या एक पाऊल मागे. शेजारच्या आजोबांनी गीतांचं पुस्तक दिलं, मी चुकीचं पान उघडून ओठ हलवत राहिले. निघताना दारात पाळकांनी विचारलं, आपण विश्वासणाऱ्या का, येशूला मानणाऱ्या? मी म्हटलं, नाही, मी बदलीवर आलेय. माझी मैत्रीण सध्या येऊ शकत नाही, तिच्या जागी. त्यांना काय समजलं कोण जाणे. पण त्यांनी पुढे काही विचारलं नाही, पुढच्या रविवारी या म्हणाले, आणि तेव्हापासून मी जातेच आहे. मागच्या बाकाचं भिंतीकडचं टोक धरते. अजून काही मानत नाही, हेही तुला सांगून ठेवते, नाहीतर तू माझ्याबद्दल भलत्या आशा करशील.

आता पत्र का लिहायला घेतलं ते सांगते. गेल्या रविवारी सगळ्यांनी प्रार्थनेला माना खाली घातल्या. एरवी मी समोरच्या भिंतीकडे बघत वेळ काढते. त्या दिवशी काय झालं कोण जाणे, मी मनातल्या मनात बोलायला लागले. म्हटलं, देवा, तू असशील तर ऐक, नसशील तर माझा थोडा वेळ वाया गेला. ती तुझ्याशी बोलत नाहीये. तिला कारणं द्यायला जाऊ नकोस, तिच्या पोराच्या मरणाला चांगलं नाव देऊ नकोस. तिला रागावू दे, तो तिचा हक्क आहे. पण तिला एकटीला टाकू नकोस. एवढंच बोलले. कोणी ऐकलं असं मला वाटलं नाही. वरचा पंखा होता तसा फिरत राहिला. पण बाहेर रस्त्यावर आले आणि हे कोणाला तरी सांगावं अशी इतकी ओढ लागली, आणि लक्षात आलं की सांगावं असं माणूस मला जगात एकच आहे. म्हणून लिहिलं. उत्तर पाठवायची घाई करू नकोस. मी पुढच्या रविवारीही जाणार आहे.

तुझीच,
शंकासुर