पंधराव्या दिवशी तू परत आलीस

आई, आज मंगळवार. कंपनीतून अर्धी रजा काढून चिंचोळीहून सोलापूरच्या कोर्टात गेले होते. काम माझं नव्हतं. आमच्या पॅकिंगमधली एक बाई तिच्या गावात ग्रामपंचायतीला तीन मतांनी पडली. निकालानंतर नऊ दिवस ती अर्ज घेऊन तहसीलला हेलपाटे घालत होती. "साहेब म्हणतेत, बघू की," ती म्हणाली. मी म्हटलं, "साहेब बघेपर्यंत मुदत जाईल. निकालाला आव्हान द्यायचं तर पंधरा दिवसांच्या आत दिवाणी कोर्टात अर्ज करावा लागतो." "तुला गं कसं ठावं?" आईमुळे, मी म्हटलं. पुढचं तिला सांगितलं नाही. ते तुलाच विचारायचं आहे.

तू उभी राहिलीस ती वस्तीवर नळ आणायचा म्हणून. तुला आणि समोरच्या बाईला सारखी मतं पडली, साहेबांनी चिठ्ठ्या टाकल्या आणि तिचं नाव निघालं. त्या संध्याकाळी तू भाकरी थापते आहेस आणि मी तू रडायची वाट बघते आहे. तू एवढंच म्हणतेस, "चिट्टीचं काय न्हाय. पर मेलेली म्हातारी मत देऊन गेली, ती कुटनं आली?" आदल्या वर्षी वारलेल्या म्हातारीच्या नावावर कुणीतरी मत देऊन गेलं होतं. सारख्या मतांत एक जरी खोटं निघालं, तरी निकाल टिकत नाही, असं वकील म्हणाले. म्हातारीचा मृत्यूचा दाखला मिळेपर्यंत बरेच दिवस गेले. आपण दोघी कोर्टात पोचलो तो पंधरावा दिवस.

अर्ज टाईप होऊन आला होता, फक्त सही राहिली होती. वकिलांनी पेन पुढं केलं आणि विचारलं, "मावशी, आपण त्यांचं मत उकरलं की ते आपली उकरणार. दोन मतदारयाद्यांत नाव असलेल्या, लग्न होऊन गेलेल्या लेकीबाळी, असं कुणी आपल्यात आहे का?"

माझं नाव लग्नानंतर शहराच्या यादीत लागलं होतं आणि गावच्या यादीतून कुणी काढलं नव्हतं. तू मला आधीच बजावलं होतंस, "तू येऊ नगो. तुजं मत तुज्या घरी." तरी मतदानाच्या दिवशी दुपारी मी आले, मत दिलं आणि तुला न भेटता परत गेले. वकिलांसमोर बसले तेव्हाही नखावर शाई उरली होती. मी हात पिशवीखाली धरला.

तू पेन खाली ठेवलंस. "ऱ्हाऊ द्या वकीलसाहेब, घरी इचारून येते."

"मावशी, आज शेवटचा दिवस आहे."

"व्हय, ठावं हाय की."

घरी विचारण्यासारखं कुणी नव्हतं. एसटीत तू मला पेरू दिलास, म्हणालीस, "लई कडक हाय, दमानं खा." पुढची पाच वर्षं वस्तीवर नळ आला नाही. तू लांबून पाणी आणत राहिलीस आणि त्या दिवसाबद्दल एक शब्द बोलली नाहीस.

आज त्या बाईचा अर्ज दाखल झाल्यावर मी तिच्या वकिलांना, दुसऱ्या कुणाचं विचारते आहे असं दाखवून, दोन याद्यांत नाव असलेल्या लेकीच्या मताचं विचारलं. ते म्हणाले, "यादीत नाव होतं, मत एकदाच दिलं, तर कोर्ट ते बहुधा बाद करत नाही. पण त्या लेकीला पिंजऱ्यात उभं करून सगळ्यांसमोर विचारलं असतं."

तेव्हापासून डोक्यात तेच आहे. तू कशाला भ्यालीस, मत बाद होण्याला की मला तिथं उभं करण्याला? कधी वाटतं, शाई तुला दिसलीच नव्हती. तू चिठ्ठीचा कौल मानला असशील, किंवा नुसती दमली असशील. मग इतकी वर्षं मी उगाच स्वतःला मध्ये घेते आहे. पण मग घरी कुणाला विचारणार होतीस?

तुझं नाव तू गेल्यावर यादीतून कमी झालं. माझं अजून आहे, आपल्या घराच्या नंबरावर. मत द्यायला पुन्हा कधी गेले नाही, पण काढवलंही नाही. येताना नाव कमी करायचा अर्ज घेऊन आले. कारणाच्या जागी 'लग्नामुळे स्थलांतर' लिहिलं आणि सही केली.

मी त्या दिवशी गावात येऊन गेले, हे तुला कधी सांगितलं नाही.

घरात आज मी एकटीच आहे. तवा तापत ठेवलाय. दोन भाकरी पुरतील.