सिनेमात मेलो त्याची हकिगत

कापडे, मार्गशीर्ष वद्य पंचमी

राजमान्य राजेश्री येसाजीराव यांस महिपतीचा रामराम. इकडे भात झोडून झाले, म्हैस व्यायली, मी जिवंत आहे. (शेवटची बाब मुद्दाम कळवतो, कारण तुमच्याकडे वेगळे ऐकू आले असेल.) कुडपणच्या थंडीत तुमचे गुडघे कसे आहेत? आणि तुमची धाकटी बहीण साळू, म्हणजे आमचे कुटुंब, वेळेवर जेवते ना?

ती रागावून माहेरी का आली, हे तिने सांगितले असेलच. आता माझीही बाजू ऐका. महाड-पोलादपुरात बुद्धिबळात मला कुणी हरवलेले नाही, हे तुम्ही जाणता (तुम्ही स्वतः किती वेळा हरलात, ते काढत नाही). त्या जोरावर मुंबईच्या एका सिनेमा कंपनीने मला बोलावले. पहिल्या चित्रात नुसता माझा हात होता, पटावर मोहरे हलवणाऱ्या राजाचा म्हणून. महाडच्या तंबूत तो पडद्यावर येताच साळूने "आमच्या ह्यांचा अंगठा!" म्हणून सगळा तंबू उठवला. पुढे महिनाभर पाणवठ्यावर त्या अंगठ्याचीच चर्चा. दुसऱ्या चित्राचा मोह मला झाला तो त्यामुळेच.

दुसऱ्यात मला दाढी लावून म्हातारा सरदार केला. नायकाशी डाव खेळायचा आणि हरायचे. आता, येसाजीराव, त्या नायकाला घोडा अडीच घरे चालतो हेसुद्धा ठाऊक नाही. त्याने वजीर आणून माझ्या उंटाच्या तोंडी दिला, तर मी काय हात बांधून बसू? मारला. पुन्हा दिवे लावले, पुन्हा मारला. दिग्दर्शक आधी हात जोडत होता, मग कपाळ बडवू लागला. शेवटी त्याने गोष्टच बदलली: म्हातारा हरत नसेल तर त्याला दुधातून विष द्या! मी आनंदाने प्यालो. डाव तर वाचला.

हे घरी सांगायचे मात्र राहून गेले. चित्र महाडला आले, तशी साळू शेजारणींना घेऊन पुढे जाऊन बसली. (स्वतःला पडद्यावर बघायची मला लाज वाटते, म्हणून मी बाहेर चणे खात उभा.) पेला पुढे येताच ती उठून ओरडली, "पिऊ नका वो, त्यात कायतरी हाय!" मी प्यालो आणि पडलो. बायका पडदा सोडून तिच्या कपाळाकडे बघू लागल्या. दोन्ही हातांतल्या बांगड्या घट्ट धरून ती बाहेर आली. मला बघून आधी ढसाढसा रडली, मग म्हणाली, "हरला असता तर जगला असता ना वो! तुमाला डाव हवा, मी नाय." मी चण्यांची पुडी तिच्यापुढे धरली, ती तिने घेतली नाही. सकाळी ती कुडपणला निघून आली.

वडीलधाऱ्यांना नमस्कार, पोरांना आशीर्वाद.

आपला,
महिपती

ता. क. तिसऱ्या चित्राचे बोलावणे आले आहे. शेवटपर्यंत जिवंत ठेवतो म्हणतात, फक्त हरायचे. मी कबूल केले. तिला एवढे तरी वाचून दाखवा.

आणखी ता. क. चित्र गेले खड्ड्यात. जेवण झाले की पट मांडून एकटाच बसतो. पूर्वी समोर ती तांदूळ निवडत असायची. डावातले ओ की ठो कळत नसे, तरी मोहरा मेला की "अगाई, बिचारा" म्हणायची. आता दोन्ही बाजूंनी मीच जिंकतो, आणि करमत नाही. हे तिला वाचून दाखवू नका. तुमचे तुम्हीच वाचा, पण जरा मोठ्याने.