बोटावर राहिलेलं कुंकू

आई, तुझ्याकडे एक तक्रार नोंदवायची आहे आणि ती गंभीर आहे. काल साताऱ्याला तुझा तो जुना सिनेमा पुन्हा लागला होता. मी तिकीट काढलं, खुर्चीवरची धूळ पदराने झटकली, चांगली मधोमध बसले, आणि माझ्यापुढे एक फेटा येऊन बसला. फेट्याखाली माणूस असावा. मला दिसला नाही. तू येतेस ती मध्यंतरानंतर. देवघरापाशी, हिरवं लुगडं, कपाळावर रुपयाएवढं कुंकू, हातात निरांजन. "सूनबाई, वारा सुटलाय, दिवा जपा," एवढं बोलतेस आणि जातेस. तेवढ्यासाठीच मी आले होते. पुढे वाकून म्हटलं, "आवं, जरा फेटा काढता का?" फेटा न वळताच म्हणाला, "काढाया कोण मेलंय व्हय आमच्यात?" आजूबाजूचे लोक हसले. मीही हसले असते. वर्तमानपत्रात लोकांची टर उडवून पोट भरणारी बाई मी, असं वाक्य मला महिन्यातून एखादं सुचतं. पण तेवढ्यात फेट्याच्या कडेने निरांजनाचा उजेड हलला आणि तू गेलीस.

तुझ्या कारकिर्दीला धरूनच झालं म्हणा हे. तू जन्मभर कुणाच्या तरी मागे उभी राहिलीस. नायकाची विधवा आत्या, नायिकेची विधवा मावशी, आणि नाटककाराला काहीच सुचलं नाही तर शेजारची विधवा. कंपनीच्या पंगतीत तूप वाढायला यायचं ते नायक-नायिकेच्या ओळीपाशीच संपायचं, आणि तू सुतारांच्या शेजारी बसून म्हणायचीस, "बरं झालं, तुपानं आवाज बसतोय." रंगमंचावर "आपण यावे, आसनस्थ व्हावे" असं सोवळं मराठी बोलायचीस, आणि विंगेत पाऊल पडलं की, "माझं पान कुणी खाल्लं रं मुडद्यांनो?"

बाबा आष्ट्याचे, उसाच्या घरातले. नाटकवालीशी लग्न केलं म्हणून घरातून तुटले आणि पलटणीत गेले. लढाई लागली तशी बोटीत बसून परमुलखात गेले. नवरा लढाईवर आणि बायको रोज रात्री कपाळ पुसून विधवा होते, हे तुला सोसत नसे. भूमिका सोडावी तर खायचं काय? म्हणून तूच एक तोड काढली होतीस. कुंकू पुसायचं ते डोळे मिटून, मंगळसूत्र कमरेला खोचायचं, आणि खेळ संपला की आरशात बघायच्या आत मी तुझ्या कपाळाला मेण लावून कुंकू टेकवायचं. मी तेव्हा सोळा-सतराची, कपडेपटात टाके घालायची. "उघडं कपाळ म्या बघितलं न्हाई, तर ते झालंच न्हाई," असं तुझं म्हणणं. मी हसायचे. तू म्हणायचीस, "हस. पण आधी बोट चालव."

मग बाबा बेपत्ता असल्याचं सरकारातून कळलं. मेले असं नाही, बेपत्ता. वर्ष गेलं. आष्ट्याहून धाकटे काका आले; आपल्या सांगलीच्या खोलीत दारातच उभे. चहा नको, पाणी नको. "वैनी, किती दिस वाट बघायची? बांगड्या उतरवा आता. मानसं नावं ठेवत्यात. रातच्याला हौसंनं कुंकू पुसता, त्यानंच दादाचं वाईट झालं म्हणत्यात." मी चुलीपाशी बसलेली आहे, भाकरी तव्यावर करपते आहे आणि ती उलटायचं मला सुचत नाही. तू मात्र पीठ झटकत उठलीस. "भावजी, रातचं तीन तास म्या विधवाच असती. आता दिवसाचीबी ड्युटी लावताय? मग पगार वाढवा की." काका गेले. तू करपलेली भाकरी मला वाढलीस आणि म्हणालीस, "त्यो यील. येनारं मानूस वाजतगाजत येत न्हाई, गुमान येतंय, एवढंच."

पुढचं मी आजवर कुणाला सांगितलं नाही, तुलाही नाही. आपण दोघी तिथेच होतो, म्हणून सांगायची वेळच आली नाही. खेळ सांगलीतच होता. पडदा पडला, तू पांढऱ्या लुगड्यात मागच्या दाराशी वाऱ्याला उभी राहिलीस, आणि मी मेण लावून, बोट कुंकवात बुडवून पुढे आले. एवढ्यात दारातून एक गडी आत आला. खाकी कोट, पाय ओढत चालणारा. शिराळ्याकडचा, बाबांच्या पलटणीतला. आपल्या खोलीवर जाऊन, पत्ता विचारत थेट मागच्या दारानं आलेला. त्यानं नाटक पाहिलेलं नव्हतं. त्यानं पाहिलं ते तुझं पांढरं लुगडं आणि उघडं कपाळ. हातातली टोपी छातीशी धरून तो म्हणाला, "वैनी, तुमाला कळलं म्हनायचं. मला लय घोर हुता, ह्या तोंडानं कसं सांगू म्हून."

माझं बोट तसंच हवेत. तू माझ्याकडे पाहिलं नाहीस. त्याच्याकडे पाहिलंस, आणि आई, कंपनीतल्या कुणालाही जमलं नसतं ते तू केलंस. "व्हय, कळलंय," म्हणालीस. "बसा भाऊ." पेटीवर त्याला बसवलंस. चहा मागवलास. मग विचारलंस, "शेवटाला पानी मिळालं का?"

"मिळालं. म्याच पाजलं. तुमचं नाव घेतलं त्यानं."

"घेनारच की. दुसरं कुनाचं घेतंय?"

तो हसला, रडला, चहा प्याला आणि हलका होऊन गेला. त्याला कधी कळलं नाही की सांगितलं त्यानंच. मी पुन्हा बोट पुढे केलं, तेव्हा तू मान मागे घेतलीस. "ऱ्हाऊ दे." मग वळून आरशात पाहिलंस. बराच वेळ. मी बोट विंगेच्या पडद्याला पुसलं.

दुसऱ्या रात्री तू तीच भूमिका केलीस. मालक खूश होऊन म्हणाले, "बाई, आज रंगला हो प्रवेश!" आष्ट्याच्यांनी तर ठरवूनच टाकलं की तूच बाबांना पुसून टाकलंस. पुढे कोल्हापुरात या कालच्या सिनेमावाल्यांनी तुला पहिल्यांदा सवाष्ण केलं. रंगभूषाकाराचा हात थबकला, तेव्हा तू म्हणालीस, "लाव रं. खोटंच हाय की." त्यानंतर फार जगली नाहीस. खोकला लागला, अंग झिजलं, आणि तेही मागच्या मागेच, कुणाचा प्रवेश न बिघडवता.

फेटेवाल्याचं पुढचं राहिलं. मी त्याला म्हटलं, "त्यात माझी आई हाय." तो वळला. "कोंची?" "निरांजनवाली. मेली ती." त्यानं मुकाट्यानं फेटा उतरवून मांडीवर घेतला आणि शेवटपर्यंत तसाच बसला. पण तू काही परत आली नाहीस.

घरी आल्यावर तुझा करंडा काढला. मेण दगड झालं होतं, दिव्यावर धरलं. तुझ्या तसबिरीला कुंकू लावत नाहीत. विधवेच्या कुठे लावतात? असल्या रिवाजांवर मी रकानेच्या रकाने खरडले आहेत, तेव्हा हे कुणाला सांगू नकोस. काचेत आधी माझंच कपाळ दिसलं, मग तुझं सापडलं. तिथे बोट टेकवलं.

हे पत्र कुठे टाकायचं नाहीच. कोपऱ्याला लाल लागलंय ते शाईचं नाही. या वेळी बोट पुसलं नाही.