कर्णिकांच्या घरात रडत नाहीत

प्रिय बाबा,

ठाण्याहून पनवेलला पत्र पाठवतेय, तुम्हाला हसू येईल. पण फोनवर तुम्ही मला वाक्य पुरं करू देत नाही, आणि समोर बसले की मी अजूनही एकोणीस वर्षांची होते. म्हणून हा कागद.

मागच्या महिन्यात राज्य ज्युनियर बास्केटबॉल स्पर्धेच्या फायनलचं समालोचन मी करत होते. तिसऱ्या क्वार्टरमध्ये दादाची आभा रिबाउंडसाठी उडाली आणि उतरताना तिचा डावा गुडघा आत वळला. हॉलमध्ये कुणाच्या लक्षात आलं नसेल. मला वरून, काचेआडून कळलं, कारण माझाही असाच गेला होता. तिने उठून बेंचकडे, कोच म्हणून बसलेल्या तुमच्याकडे पाहिलं. तुम्ही मूठ दाखवलीत. ती पुन्हा धावायला लागली. आणि मी माइकवर काय म्हणाले? "कर्णिकांच्या घरात रडायची पद्धत नाही, मंडळी!"

ती क्लिप तुम्ही झाडून सगळ्या नातेवाइकांना पाठवलीत. खाली लिहिलंत, 'माझी लेक, माझी नात.' सहा वर्षं मी समालोचन करतेय आणि तुम्ही त्याला 'बडबड' म्हणत आलात. कौतुक झालं ते या एका वाक्याचं.

माझ्या वेळचं आठवतंय? मी एकोणीस वर्षांची, निवड शिबिराला पंधरा दिवस होते. नेऱ्याच्या चढावर पाठीला वाळूची पिशवी बांधून तुम्ही मला पळवत होता, तिथे गुडघ्यात कट्कन आवाज आला. डॉक्टरांनी सहा महिने विश्रांती सांगितली. बाहेर येऊन तुम्ही म्हणालात, "डॉक्टरांना मॅच जिंकायची नसते." आई शेक देत राहिली. मी गेले, निवडली गेले. रेल्वेची नोकरी, देशाची जर्सी, बँकॉकच्या क्लबचे दोन पगारी मोसम, सगळं मिळालं; नाकारत नाही. सत्ताविसाव्या वर्षी ते संपलंही. बँकॉकला दोघींनी मला उचलून कोर्टाबाहेर नेलं, त्या संध्याकाळी तुम्ही फोनवर पहिला प्रश्न विचारलात, "स्कोअर काय झाला?"

पुढे चॅनलने बोलावलं तेव्हा लोक म्हणाले, नशीबवान आहेस, खेळातच राहिलीस. बाबा, मी चौतीस वर्षांची आहे आणि स्टुडिओचा जिना कठडा धरून, आडवी होऊन उतरते. कॅमेरा कमरेच्या वर असतो, म्हणून तुम्हाला ते दिसत नाही.

सगळा दोष तुमच्यावर टाकून मोकळी होणार नाही. त्या दिवशी दिसत असूनही मी गप्प बसले असते तरी एक वेळ चाललं असतं. मी तर टाळ्या मिळवल्या.

त्यानंतर तीन आठवडे तुम्ही तिच्या गुडघ्याला पट्टी बांधून सरावाला नेत होता. रविवारी ती घरी न सांगता माझ्याकडे आली. रिक्षातून तिला मी उतरवून घेतलं. गुडघा वाकलेलाच अडकला होता, सरळ होईना. म्हणाली, "आत्या, आजोबांना नको सांगूस. पुढच्या सोमवारी राष्ट्रीय शिबिराला जायचंय." पंधरा वर्षांची पोर, दुखण्यापेक्षा तुम्हाला जास्त घाबरली होती.

मी एमआरआय करून घेतला. लिगामेंट तुटलंय, आतली कूर्चाही फाटून सांध्यात अडकलीय. दादा-वहिनीला बोलावून घेतलं. वहिनी तिच्याजवळ बसून राहिली. दादा रिपोर्ट हातात धरून म्हणाला, "पण बाबांना कोण सांगणार?" चाळिशी उलटलेला माणूस!

तर मी सांगतेय. आभा परीक्षेच्या अभ्यासाला मैत्रिणीकडे राहिलीय, असं वहिनीने तुम्हाला सांगितलं ते खोटं होतं. मीच तिला तसं सांगायला लावलं. आभा माझ्याकडे आहे. शुक्रवारी सकाळी इथे ठाण्यात तिचं ऑपरेशन आहे. हे पाकीट मी दादाकडे देतेय. ती शुद्धीवर आल्यावरच तो ते तुमच्या हातात ठेवेल. म्हणजे कुणाला फोन करून तुम्हाला काही थांबवता येणार नाही. शिबिरातून तिचं नाव मागे घेतल्याचंही कळवून झालंय. निदान नऊ महिने ती खेळणार नाही. त्यानंतरचं ती ठरवेल, तुम्ही नाही आणि मीही नाही. भेटायला या. तिला आवडतात त्या नारळाच्या वड्या घेऊन, आजोबा म्हणून या. पण पुन्हा कधी खेळणार हे विचारायला येणार असाल, तर वॉर्डच्या दारात मी उभी आहे आणि तुम्हाला आत सोडणार नाही.

तरीही तुमचीच,
ऋचा